मुद्देमाल क्रमांक चार

कोर्टाने ट्रंपेट परत दिली.
दिली म्हणजे, सांभाळायला दिली.
पाचशेच्या स्टॅम्पपेपरवर मी लिहून दिलं.
टाइप केलं कोर्ट नाक्यावर झाडाखाली बसणाऱ्या शेवडेबाईंनी.
'पितळी वाद्य'पाशी त्या थांबल्या, म्हणाल्या, तुतारी लिहू का?
म्हटलं नको, निवडणूक तोंडावर आहे.

तर लिहून दिलं, की सदर वस्तू मी
विकणार नाही, गहाण टाकणार नाही,
तिच्या रंगरूपात, आकारात काडीचा बदल करणार नाही,
जिल्ह्याबाहेर नेणार नाही,
आणि मा. न्यायालय सांगेल तेव्हा स्वखर्चाने हजर करीन.

तिला. माझ्याबद्दल कुणी काही विचारलं नाही.
पनवेलची सुपारी मात्र सोडावी लागली.

आठ महिने ती कळवा पोलीस ठाण्याच्या जिन्याखाली होती,
गुटख्याची पोती, तीन सिलिंडर,
आणि हँडल वाकलेली कुणाची तरी मोटारसायकल यांच्यात.
लाखेचं सील फोडलं तेव्हा आत
माझीच थुंकी वाळून हिरवी झालेली.
पहिली फुंक मारली, झुरळ आलं.
हवालदार हसला. मीही हसलो. सही कुठे करायची, विचारलं.

आणि तो पोचा.
शिळफाट्याच्या भंगारवाल्याने तोलण्याआधी
हातोडीचा एक ठोका मारून पाहिला होता, पितळ की मुलामा.
पंचनाम्यात आहे: मधल्या बटणाखाली, अंदाजे दीड इंच.
भायखळ्याचा मिस्त्री नळीत गोळी सरकवून
अर्ध्या तासात काढतो असले पोचे,
पण पाटकर वकीलबाई म्हणाल्या, आवळे, हात लावायचा नाही.
ट्रंपेट तुमची.
पोचा सरकारचा.

त्यामुळे माझा गांधार सध्या सरकारजमा आहे.
खारेगावच्या हळदीला वाजवताना तो येतो जवळ,
मी वळसा घालून जातो,
फुटपाथवर झोपलेल्या माणसाला घालावा तसा.
कधी कधी पाय लागतोच.
परवा नवऱ्याच्या मामाने विचारलं, मास्तर, आज लवकर बसलात का?
काय सांगणार. प्रकरण न्यायप्रविष्ट आहे.

तारखेला तिला टॉवेलात गुंडाळून नेतो.
दुसऱ्या मजल्यावर, बाकाच्या टोकाला, मांडीवर.
शिरस्तेदार विचारतात, मुद्देमाल आणलाय?
आणलाय.
कुणी टॉवेल सोडत नाही. पुढची तारीख.

बाकाच्या दुसऱ्या टोकाला आरोपी क्रमांक एक,
वैभव लक्ष्मण खिलारे, वय एकोणीस.
आमच्यात त्याला बारक्या म्हणत.
बाराव्या वर्षापासून माझ्या मागे डोक्यावर बत्ती घेऊन चालला,
चिंचेने हीच ट्रंपेट घासली, दर दिवाळीला,
आणि एका रात्री गोदामाचं कुलूप,
ज्याची किल्ली त्याला द्यायला मीच विसरत नसे,
ते न फोडता उघडलं.
चौदा वाद्यं. चार सापडली.

तोही सुटलाय. पंधरा हजारांच्या जामिनावर.
ट्रंपेटचा बाँड आठ हजारांचा.
जिल्ह्याबाहेर जायचं नाही, बोलावलं की हजर.
त्याचे केस कापलेत, कुणी कापले विचारलं नाही.
आई शेजारी पिशवी धरून.

गेल्या तारखेला लाइट गेली, पंखे थांबले,
आणि त्या शांततेत, समोरच्या भिंतीकडे बघत तो म्हणाला,
मास्तर, मधलं बटण अजून अडकतं?

अडकायचं, आधीपासून. हातोडीच्या कितीतरी आधी.
हे पंचनाम्यात नाही. हे त्याला आणि मला माहीत आहे.
साक्षीदाराने आरोपीशी बोलू नये म्हणतात.
मी टॉवेलाची गाठ घट्ट केली.

खोबरेल नका घालू, तो म्हणाला, थिजतं.
शिलाई मशीनचं घाला.

लाइट आली. नाव पुकारलं. सतरा तारीख.

विटाव्याला उतरून बाटली घेतली, वीस रुपयांची.
रात्री बायको झोपल्यावर हमीपत्र काढून
पुन्हा सगळं वाचलं, दोन्ही पानं.
तेलाबद्दल काही नाही.

दोन थेंब घातले.