माप

पापाच्या तिकटीजवळ माझं दुकान, सव्वा खणाचं.
खिळ्याला वही, तेलकट पुठ्ठ्याची.
पान एकोणीस : अनसाक्का चौगुले.
छाती अठ्ठावीस. कमरेचं विचारू नका, काडी होती.
आणि पार्ट मिळाला जाड्या मोलकरणीचा.

स्टुडिओतून माणूस आला, म्हणाला,
सकाळपर्यंत हिला जाड कर.
मी घरातल्या दोन उशा उसवल्या.
सावरीचा कापूस पोटाला, पाठीला, दंडांना.
ती आरशापुढं गर्रकन फिरली :
"शिंप्या, आईला सोळा वर्सांत जमलं न्हाई
ते तू एका रातीत केलंस की रं."

वाक्य एकच. दार ढकलायचं, म्हणायचं, "आले, बाईसाहेब."
ही दारात अडकली, खरोखरची, कापसासकट,
आणि तोंडातून गल्लीतलंच निघालं :
"आलो, आलो!"
लाइटवाला हसला. लाइट हलला.
डायरेक्टर पुण्याचे. कपाळाला हात लावून बसले,
मग म्हणाले, राहू दे.

त्या एका "आलो"वर तिनं एकतीस वर्षं काढली.
नायिका आल्या, लग्नं करून गेल्या,
ही दारातच.
मोलकरीण, खानावळवाली, हवालदाराची बायको,
पुन्हा मोलकरीण.
पडद्यावर नाव कधी अनुसया, कधी अनुसूया,
बहुतेकदा "आणि इतर".
अंबाबाईच्या रांगेत बायका वळून बघायच्या
आणि पदर तोंडाला लावून फिसकन हसायच्या.
"देवीम्होरं तरी गप ऱ्हावा की," ही म्हणायची.
मग तर रांगच हलायची नाही.

वहीत आकडे चढत गेले. चौतीस. अडतीस. बेचाळीस.
कापूस दरसाल मूठभर कमी.
ज्या वर्षी तो लागलाच नाही
त्या वर्षी स्टुडिओच्या फाटकाला कुलूप लागलं.
मी काही बोललो नव्हतो.
तिनंच बोटांवर मोजून दाखवलं.

परवा आली. काठी दाराला अडकवून बसली.
"मालिकेत पार्ट हाय. मेलेल्या सासूचा.
भिंतीवर फोटू, त्येला हार."
"काही बोलायचं?"
"मेलेली काय बोलंल, मुडद्या?
ब्लाऊज शिव. पुढनंच शिव.
फोटूला पाठ नसती."

टेप लावली. तिचे पहिले तीन इंच कधीच पुसलेत,
मी चारापासून मोजतो.
छाती तीस, लिहिलं.
ती वहीत वाकून बघत होती. बराच वेळ.
"कापूस हाय का रं शिल्लक?"

फोटोवाल्यानं सात वेळा सांगितलं, आजी, हसू नका.
आठव्या वेळी तोच खाली बसला, पोट धरून.

आता रोज साडेसातला दोन सुना धाय मोकलून रडतात.
मागं भिंतीवर ही, ओठ घट्ट मिटून.
आमच्या गल्लीत त्या सुनांचं रडणं
अजून कुणाला नीट ऐकू आलेलं नाही.
मी हसत नाही. मी बघतो,
डाव्या खांद्याला कापूस जरा जास्त झालाय.