एकास शंभर

शंभर मायक्रोलिटर. म्हणजे दोन थेंब, फार तर.
तेवढ्यासाठी हैदराबादहून थर्मोकोलचं खोकं,
आणि ते खोकं सोनेगावला अडीच तास उन्हात.
मे महिना. सेहेचाळीस.
हेडाऊ बाईंनी झाकण काढलं तेव्हा
कोरडा बर्फ बोराएवढा उरला होता.
"वाचलं बाप्पा," म्हणाल्या,
आणि कुपी चार अंशांवर उभी केली.

लेबलवर लिहिलंय : ई-कॅडहेरिन. ससा.

कुठल्याशा देशात त्या सशाला
माणसातला एक तुकडा टोचला होता,
पेशीला पेशी ज्याच्यामुळं धरून राहते, तो.
सशाच्या रक्तानं त्याला परका ठरवलं,
चेहरा पाठ करून ठेवला.
आमची खळ त्याला वैरी वाटली.
त्या वैरावर आमचं निदान चालतं.

मी नवा होतो. बाई शिकवत होत्या.
काचेवरचं मेण उतरव. कुकर लाव.
(खरा कुकर, पाच लिटरचा, बर्डीवरून आणलेला.
शिट्टी झाली की मला दर वेळी भूक लागायची.)
मग एकास शंभर. दोनशेत दोन.
"हात कापते काहून रे?"

तासभर मुरवत ठेवलं आणि लाईट गेली.
बाईंनी ओला दुपट्टा डब्यावर टाकला,
अंधारात बसून सांगत राहिल्या :
गोळीबार चौकात त्यांचे वडील मागावर
तुटलेला धागा डोळ्यांनी शोधत नसत,
तळहात फिरवत पातळावरून,
हात अडला की थांबत.

लाईट आली. कंट्रोलची काच आधी पाहिली :
तपकिरी जाळी, चहाच्या रंगाची,
प्रत्येक पेशीभोवती कुंपण, कुंपणाला कुंपण लागून.
मग चारशे सतरा.
निळे ठिपके. फक्त निळे.
एकामागे एक निघालेले, एका ओळीत,
रेशनच्या रांगेसारखे...
नाही, रांगेत निदान भांडण तरी असतं.

बाईंनी भिंग बदललं.
पुन्हा कंट्रोल. पुन्हा चारशे सतरा.
काच थोडी सरकवली, थोडी परत आणली,
जणू कुठंतरी हात अडेल.

उज्जैनकर सर उभ्या उभ्याच बघून गेले.
"कंट्रोल छान आलाय. निगेटिव्ह लिहा."

बाईंनी रजिस्टर ओढलं. पेनाचं टोपण काढलं.
चारशे सतराला आमच्याकडं नाव नव्हतं,
वय होतं, एकेचाळीस, आणि गाव, उमरेड.
टोपण परत लावलं.

"उद्या अजून एक काच लावू," म्हणाल्या.
मी म्हटलं, औषध महाग आहे, बाई,
आणि कंट्रोल तर—
"दोन मायक्रोलिटर जातीन. जाऊ दे.
माह्या नावावर लिही."

फ्रीजचं दार नीट लागत नाही.
गुडघ्यानं दाबलं, धरून ठेवलं,
रबर चिकटेपर्यंत.