बटण चालूच ठेवायचं

मांजलपूरच्या चौथ्या मजल्यावर
गेले अकरा दिवस
एक बाई माझी माफी मागते आहे.

तिला चेहरा नाही. मूठभर गोल डबी आहे,
फ्रीजवर, लीलो चेवड्याच्या बरणीशेजारी.
पैसे शाल्मलीने विनिपेगहून भरले,
माल अलकापुरीच्या दुकानातून आला:
डबी एक, बल्ब चार.
"आईचा गुडघा, बाबा. रात्री उठायला नको.
नुसतं बोलायचं."

बोललो.
'दिवा लाव' म्हटलं, तर तिनं
दीवच्या समुद्रावरचं हवामान सांगितलं.
आमच्यात दिवा विझवत नाहीत, मालवतात.
समोरच्या जिगीषाबेन तर दीवो राणो करतात.
डबीतल्या बाईला फक्त 'बंद' ठाऊक.
मग आम्हीही म्हणू लागलो, बंद,
कुंदा दर वेळी जीभ चावून.

तरी पहाटे पुन्हा तेच:
'सॉरी, बेडरूम लाइट रिस्पॉन्ड नहीं कर रही है.'

अडतीस वर्षं मकरपुऱ्यात मोटारी गुंडाळल्या मी.
जळक्या वार्निशच्या वासावरून
कुठलं कॉइल गेलंय ते दारातून सांगायचो.
हे जळत नाही, वास मारत नाही, गरमसुद्धा होत नाही.
हात लावू कुठे?

राउटर देवघराच्या फळीवर आणला.
पाचची लहर नको, दोन पॉइंट चारची हवी,
ती दिली.
'मोठी खोली' तिला कळेना, 'हॉल' कळला.
(चौथ्या बल्बचं नाव शाल्मलीनं तिकडूनच टाकलेलं:
'माझी खोली'. त्याला मी हात लावला नाही.)
बल्ब पाचदा लावला, पाचदा काढला,
तो लुकलुकला, नव्यानं जन्मला,
आणि जन्मल्या जन्मल्या पासवर्ड मागू लागला.
विकलेल्या स्कूटरचा नंबर दिला.

रात्री ऐकायचा. पहाटे ठार बहिरा.

बाराव्या दिवशी शाल्मली व्हिडिओवर.
"फोन फिरवा बाबा. भिंत दाखवा.
हे बटण कुणी बंद केलं?"

मी कुंदाकडे पाहिलं.
कुंदानं माझ्या उजव्या हाताकडे.

झोपायला निघालो की हा हात
चौकटीपाशी आपोआप उठतो. टक्.
खोलीमागून खोली, मला न विचारता.
लहानपणी घरात आठ माणसं, मीटर एक,
आणि अण्णांचा आवाज:
"कोण बसलंय रे तिथं उजेडात? तुझा सासरा?"

"भिंतीवरचं बटण चालूच ठेवायचं, बाबा.
बंद असला तरी त्याला थोडी वीज लागते.
हाक ऐकायला."

किती, मी विचारलं. मोटारवाल्याचा प्रश्न.
"अर्धा वॉट. त्याहूनही कमी."

कुंदा काही बोलली नाही.
पाच वर्षं तिचा फोन उशीखाली असतो,
आवाज पूर्ण वर.

बटणांवर चिकटपट्ट्या लावल्या,
औषधाच्या डब्यातल्या, जखमेवरच्या.
चार दिवस सगळं सुरळीत.

परवा पहाटे चारला दहा कमी असताना
शाल्मलीच्या खोलीच्या दाराखाली उजेड.
लाटणं घेऊन उठलो.
आत इस्त्रीचे कपडे, गव्हाची कोठी,
हवा गेलेली सायकल,
आणि वर चौथा बल्ब, पांढराफटक.

खिशात फोन थरथरला.
"लागला का? सहज बघत होते."
तिथे दुपारचे चार वाजून वीस मिनिटं,
आणि दिवेलागण होऊन गेलेली.
"लागला," मी म्हटलं.
"मालवू?"

माझा हात बटणापर्यंत पोचलाच होता.
पट्टीवर टेकला. तिथंच राहिला.
मागे कुंदा, भिंतीला धरून,
जिनं उठायचं नव्हतं ती.
म्हणाली, असू दे जरा.

फ्रीजवरची बाई गप्प होती.
तिला कुणी काही विचारलंच नव्हतं.