नाव घातलेला गिलास

आमच्या घरी भांड्याईवर नाव त्याईचंच.
गंज, परात, पितळी घंगाळ,
साऱ्यावर 'मो. रा. निनावे'.
आहेरातले एकदा मोजले होते म्या,
एकावरबी मी नव्हती.

रिपोट आला त्या सोमवारी
सासू इतवारीत जाऊन
नवा गिलास घेऊन आली.
नाव टाकणाऱ्यानं इचारलं असंन,
"बाई, लग्न कोणाचं?"
काय सांगतलं तिनं, मालूम नाही.
अक्षरं मातर सुबक होते,
ठिपक्या-ठिपक्याईचं 'कुंदा'.
आडनावापुरती जागा उरली होती,
घातलं नाही.

ज्यानं आणलं
तो त्याच जुन्या लोट्यानं पाणी पेत राह्यला
मरेपर्यंत.
त्याले टायफाईड होता, अजूनबी असंच सांगतात.
मले मातर नावानिशी.

बारा वर्स झाले.
पोरीचा रिपोट चांगला निंगाला तवा
नर्सबाईले तीनदा वाचाले लावला.
दर महिन्याले मेडिकल.
ऑटोवाल्याले म्हणतो, डोळ्याच्या डॉक्टरकडं.
घरी येऊन डब्बीचं लेबल खरडतो,
तांदळात दाबतो.
रात्री नऊले एक गोळी,
मायाच गिलासातून.

मागच्या गुरुवारी रांगेत
पुढं सहावी, पदर नाकावरून.
चालीवरून ओळखली.
नलू. मायी नणंद.
हीच मायं ताट पायानं सरकवे.
तिनंबी पाह्यलं.
मंग दोघी पंख्याकडं पाहत राह्यलो.
पंखा बंद होता.

आतून बाहेर आली ते भिताडाले धरूनच,
हातात कोरी फाईल.
बाकड्यावर बसली. "पाणी," म्हणे.
नळाले थेंब नव्हता.
मायाजवळ बाटली होती, पिशवीत गिलास होता.
नुसती बाटलीबी देता आली असती.
म्या गिलासात ओतलं.

तिनं अंगठा फिरवला ठिपक्याईवरून,
'कुं' पासून 'दा' पर्यंत,
जसं आंधळं माणूस वाचते.
वरून नाही पेली,
ओठ लावून पेली, सारं.

"आईले सांगू नको, वहिनी."

इतक्या वर्सात पयल्यांदा वहिनी.
म्या मान हलवली.
इतवारीतल्या त्या दुकानात आता मशीन आली आहे,
दोन मिनिटात नाव टाकून देतात,
हे काही तिले सांगतलं नाही.