खालची अर्धी

तिचं आडनाव काताकुतान.
आमच्या भाषेत त्याचा अर्थ भीती.
भूतपटांच्या निर्मात्याला नेमकं तेच नको होतं.
म्हणाला, बाईच्या नावात जरा अत्तर पाहिजे,
आणि लिओनिसा काताकुतानची लिली मोंते झाली,
चौदा महिन्यांपुरती.

पहिल्या सिनेमात ती शवपेटीत होती.
शिंकली.
रीळ महाग, माणूस स्वस्त. शिंक तशीच ठेवली,
नि कालूकानच्या थेटरात तिथेच सगळ्यांत मोठी किंकाळी उठली.
दुसऱ्यात नर्स. पळायचं, पडायचं, ओरडायचं.
ओरडणं मागाहून दुसऱ्या बाईचं चिकटवलं,
हिचा आवाज म्हणे भाजीबाजारातला.

तिसरा मनानंगालचा.
ठाऊक नसेल तर सांगतो.
दिवसा ती चारचौघींसारखी. रात्री कमरेपाशी तुटते,
वरच्या अर्धीला पंख फुटतात,
ती गर्भारणींच्या छपरांवर उतरते.
खालची अर्धी केळीच्या बनात
उभी राहते, वाट बघत.
त्या उघड्या कमरेवर कुणी मीठ टाकलं
तर वरचीला परत जुळता येत नाही,
आणि उजाडलं की संपलं.

वरची अर्धी दुल्से आमोरांते.
तिला पंख, तिला संवाद, न्यायला-आणायला मोटार.
खालची, लिली.
डोक्यापासून बेंबीपर्यंत काळं मखमल गुंडाळलेलं,
मागे काळाच पडदा,
कमरेवर रेड्याचं आतडं, सकाळच्याच कत्तलीचं.
हे सगळं खोटं आहे
हे माश्यांना कुणी सांगायचं?

मी सतरा वर्षांचा. माझं काम मीठ.
मैदा चालला असता,
पण दिग्दर्शक मांग तुरिंगला दिव्यात चमकणारे खडे हवे होते.
ते ओघळून मांड्यांवर यायचे, पोटऱ्यांवर,
जिथे डासांनी रात्रभर फोडून ठेवलेलं
आणि जिथे घाईत फिरवलेला वस्तरा.
पाच वेळा टाकलं.
पाचही वेळा पाय थरथरले.
मांग तुरिंग खुर्चीवरून उठून ओरडला, वा! याला म्हणतात अभिनय!
दहा पेसो, ताटभर भात आणि ही शाबासकी.
तिच्या कारकिर्दीचा हिशेब
इथे जवळपास पुरा होतो.

मखमलीच्या आतून फक्त मला ऐकू आलं,
हळू रे, बाळा.

मी हळू टाकलं नाही.
हळू टाकलेलं कॅमेऱ्यात दिसत नाही.

चौथा सिनेमा अर्धाच राहिला. निर्माता
दावावला नारळ विकायला गेला, किंवा तुरुंगात,
दोन्ही ऐकलंय.
पोस्टरवर तिचं नाव एकदाच आलं,
लिली मोंटी.

पुढे बावीस वर्षांनी नावोतासच्या बंदरावर,
खारवलेल्या माशांच्या गल्लीत,
तोंड मी ओळखलं नाही. पाहिलं होतंच कितीसं?
रबरी चपलांतले पाय ओळखले,
डाव्या अंगठ्याशेजारचं बोट अंगठ्याहून लांब.
म्हणालो, मीठ.
आणखी काही सुचलंच नाही.
ती बघत राहिली. हात मनगटापर्यंत पांढरे.
मग अर्धा किलो तोलून झाल्यावर
तागडीत एक मासा आणखी टाकला.
हे वरचं, म्हणाली.
वरच्याचे पैसे नाहीत.

सिनेमा आता कुठेच नाही.
आमच्याकडे जुन्या रिळांच्या पिपाण्या करतात,
नवं वर्ष लागताना वाजवायला.
एका डिसेंबरच्या शेवटच्या रात्री
गल्लीतल्या पोराच्या हातून मी एक घेतली,
उलगडली, दिव्यासमोर धरली.
काळं, काळं, काळं,
मग नखाएवढ्या चौकोनात दोन गुडघे, उलटे,
आणि पांढरे ठिपके.
मीठ असेल. बुरशीही असेल.

पोरगं रडायला लागलं,
म्हणून गुंडाळून परत दिली.
त्यानं गाल फुगवून फुंकली.

आवाज,
भाजीबाजारातला.