लाल दिवा

परभणी केंद्रावर
लाल दिवा लागायच्या आधी
इंदुमती सेलूकर बांगड्या काढून
रुमालात बांधून ठेवायची.
माइकला किणकिण चालत नसे.
मग मानवतच्या कापसाचे भाव
असे वाचायची, जणू घरचंच कुणी
आलेलं कार्ड वाचून दाखवतंय.

मुंबईला टीव्हीत गेली तेव्हा
मेकअपवाल्यानं विचारलं,
हात मोकळे का?
चार बांगड्या दिल्या, उसन्या.
आणि सांगितलं, हसा.
कापूस त्यात कुठंच नव्हता.

पुढं कधीतरी मानवतला संच आला
शिंप्याच्या दुकानात,
पडदाभर मुंग्या.
गफूरमामू मशीन थांबवून
बघत राहिले बराच वेळ.
पायाखाली पायडल तसंच.
म्हणाले,
ही नाही बा.
आपली बाई उंच होती.