माणशी आठशे

आधी त्यांच्या चपला बघतो मी.
कंपनीच्या फाटकापुढं रस्त्यात लोखंडाचा चुरा असतो,
पातळ तळव्यातून चावतो.
आज पुण्याचे चौघं. तिघांचे बूट बरे,
एका बाईच्या सँडलला मणी लावलेले.
चला म्हणलं, हळू चालू.

पहाटेचे साडेपाच. रात्रपाळी सुटायलीय.
भट्ट्यांचा उजेड अजून आभाळाला खालून लागलेला.
"जालन्यात सूर्य दोनदा उगवतो," मी म्हणतो.
दर फेरीला म्हणतो.
पहिल्यांदा खरंच सुचलं होतं.

रामअवध बलियाहून आला तो सळया ओढायला.
एक सळई वळली, हात कोपरापर्यंत भाजला.
आता त्याच हातानं लिट्टी उलटतो निखाऱ्यातली,
चिमट्याशिवाय.
फोटो लिट्टीचे निघतात.
तो कोपर जरा बाजूला घेतो,
मधी येऊ नये म्हणून.

मग बोळात फर्जाना आपांची खिडकी.
पडद्याखालून तहारीची ताटली बाहेर येते,
तिच्यामागं मनगट, चार हिरव्या बांगड्या.
सहा वर्षं झाली, तोंड मी बघितलं नाही.
"मसाल्यात काय काय असतं?" पाहुणे विचारतात.
पडदा म्हणतो, "जो घर में था वो."
हे ते वहीत लिहून घेतात.

मोंढ्यात हमाल पहिल्या ट्रकच्या आधी खाऊन घेतात.
पोत्यांच्या थप्पीला पाठ लावून द्वारकामावशीचा गाडा,
कढईत सुशीला.
मुरमुरे भिजवून, पिळून, फोडणीत.
डाळव्याचं पीठ वरून, शेंगदाणे हात सैल सोडून.
प्लेटीवर प्लास्टिकची पिशवी चढवलेली,
खाल्लं की पिशवी टाकायची, प्लेट तशीच कोरडी.
"किती भारी आयडिया," सँडलवाली बाई म्हणाली.
नळाला नवव्या दिवशी पाणी येतं, मी सांगितलं.
मुरमुरे पिळलेलं पाणीबी मावशी बादलीत धरती.
बाईनं बादलीचा फोटो घेतला.

मला मावशी तीन वर्षांत कधी पैसे मागितले नाहीत.
पाहुण्यांचे वीस-वीस घेते,
माझी प्लेट पिशवीशिवाय, घरच्या पितळीत.
"संदीपान गिऱ्हाइकं आणतो माझा," हमालांना सांगते.
एकदा विचारलं होतं तिनं,
"किती घेतो रे यांच्याकडून?"
मी म्हणलं, दीडशे.
तेव्हा ती म्हणाली होती,
"एवढं पायपीट करून दीडशेच? वाढव जरा."

आज तो चष्मेवाला, चांगला माणूस,
घास गिळून मला म्हणाला,
"आठशेत परवडतं कसं हो तुम्हाला?
आम्ही तिकडं दोन हजार देतो."

झारा थांबला.
एवढंच. थांबला आणि पुन्हा चालू झाला.
एका हमालानं जर्दा मळता मळता माझ्याकडं बघितलं
आणि पोत्यांकडं बघायला लागला.

मावशीनं चार प्लेटा दिल्या, ऐंशी घेतले.
मग पाचवी काढली.
पिशवी चढवली तिच्यावर.
भरली. लिंबू पिळलं.
"धर," म्हणाली, आणि दुसरा हात पुढं केला,
"वीस."

खिशात पन्नासाची नोट होती.
"राहू दे मावशी वरचे" असं काहीतरी माझ्या तोंडात आलं,
तोपर्यंत तिनं बटवा उघडून
तीस रुपये मोजले, दहाच्या तीन नोटा,
हळदीच्या बोटांनी, एकेक सुटी करून.

"आता पुढं कुठं?" पाहुणे.
आता इमरती, मी म्हणलं, सदर बाजार,
दहा मिनिटं चालायचं.
सँडलवाली एका पायावर उभी राहून
तळव्यातला चुरा उपटत होती.

मी तिथंच उभ्यानं खाल्लं.
सुशीला रोजच्यासारखीच होती.
शेंगदाणे तेवढेच.
मिरची एकबी जादा नव्हती.